दुसरी सतरंजी

पिक्चर ऐन रंगात आला की तो रिमोट उचलून थांबवायचा. "थांबा बे. हे पाहा, हातानं काढेल हाय. एकेक चित्र." मग टीव्हीजवळ जाऊन ढगाच्या कडेवरून बोट फिरवायचा. पोरं ओरडायची, "काका, चालू करा ना."

आमच्या वडनेरात दुकानांच्या पाट्या रंगवणारा हा पेंटर. फ्लेक्स आले आणि त्याचे ब्रश वाळले. माझी रस्त्याकडची खोली त्याने भाड्याने घेतली होती. तिथे रविवारी दुपारी तो पोरांना एकच पिक्चर दाखवायचा. एक मुलगी आणि आभाळातून पडलेलं ढगाचं वासरू. भाषा परदेशी, त्याला ओ की ठो कळत नव्हती. आवाज बंद करून सगळ्यांचं बोलणं तोच बोलायचा.

"काऊन वं, मले भूक लागली," वासरू म्हणायचं.

"ठेचा खातं का?" मुलगी विचारायची.

शेवट मात्र त्याने कधी दाखवला नाही. डोक्यावर पंखा फिरत असताना "लाइन गेली" म्हणून टीव्ही बंद करायचा.

"मंग काय झालं, काका?"

"काय होते? खेळून राह्यले ते अजून."

गेल्या महिन्यात तो गेला. चौकात शोकसभा झाली. ज्या फ्लेक्सने त्याच्या पोटावर पाय दिला त्यावरच त्याचा फोटो, आणि त्याहून मोठे आम्हा चौघा पुढाऱ्यांचे. "वयोमानामुळे त्यांनी मुलांचा पिक्चर बंद केला," एकाने भाषणात सांगितलं. मी खुर्चीत मान हलवत बसलो. घरी आल्यावर ताट सरकवून उठलो. शिसारी भाषणाची होती, तशी त्या हलणाऱ्या मानेचीही.

वयाचा काही संबंध नव्हता. माझी नात तेव्हा लहान होती. ती आणि बौद्ध वस्तीतली तिची मैत्रीण एका सतरंजीवर मांडीला मांडी लावून बसत, एकाच वाटीतले मुरमुरे खात. आमच्या गल्लीत कुजबुज सुरू झाली. सांगायला मी स्वतः गेलो. "दोन सतरंज्या टाकत जा. इकडचे इकडे, तिकडचे तिकडे. खोली माही आहे, ध्यानात ठेव."

"दुसरी सतरंजी नाही हो भाऊ माह्याजोळ."

मी घरची नवी पाठवून दिली. माणूस भोळा आहे, असं म्हणून हसलोही.

रविवारी संध्याकाळी ती सतरंजी, दोरीची गाठही न सोडता, त्याने माझ्या ओट्यावर आणून ठेवली. वर खोलीची किल्ली. "राजेहो, एवढ्याशा खोलीत दोन नाही मावत." आणि बहिणीकडे राहायला गेला. पुढे रस्त्यात भेटला की नमस्कार करायचा. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

नातीची मैत्रीण पुन्हा आमच्या गल्लीत दिसली नाही. नातीनेही तिचं नाव काढलं नाही. सतरंजी माळ्यावर आहे. उंदरांनी कुरतडली आहे, घाण वास मारते. ती खाली काढायला मी कोणाला सांगत नाही.

नात आता बुलडाण्याला कॉलेजात आहे. शोकसभेला आली होती. त्या संध्याकाळी तिने मोबाइलवर तो पिक्चर शोधून काढला. मी शेजारी बसलो. शेवट आम्ही दोघांनीही पहिल्यांदाच पाहिला. गावातली मोठी माणसं काठ्या घेऊन येतात आणि वासराला हाकलत नेतात. मुलगी दारात उभी राहते.

तिथे नातीने बोट टेकवून पिक्चर थांबवला.

"मंग काय झालं?" मी विचारलं.

"तुमाले माहीत हाय, आबा."