रुळाचा एक ठोका

११ फेब्रुवारी २०१८, रविवार. रुपये सात हजार तीनशे चाळीस. एवढ्या पैशांत मी एका दिवसासाठी ऑर्केस्ट्रा उभा केला. त्यात चहा आणि वडापाव धरलेले आहेत. त्याआधी संगीताशी माझा संबंध एवढाच, की बोर्डीच्या शाळेत प्रार्थनेच्या गटात गुरुजींनी मला "तू नुसते ओठ हलव" असे सांगितले होते आणि ते काम मी चार वर्षे चोख बजावले होते.

ऑर्केस्ट्रा माझी पुतणी नूतन हिच्यासाठी होता. नूतन माझ्या थोरल्या भावाची मुलगी. शाळेच्या बँडमध्ये साइड ड्रम वाजवायची, पुढे मुंबईला पियानो शिकली, तिथेच एका शाळेत संगीत शिकवू लागली. आणि २०१४ साली एके दिवशी घरी येऊन म्हणाली, की ती पोलंडला जाणार, ऑर्केस्ट्रा कंडक्टर होण्याचे शिक्षण घ्यायला. बस कंडक्टरवरचे सगळे विनोद गावाने पहिल्याच आठवड्यात संपवले, म्हणून ते इथे लिहीत नाही. भावाने मला बोलावून घेतले. घरात बी.कॉम. मी एकटा, घोलवडच्या बागायतदारांच्या संस्थेत हिशेबनीस, त्यामुळे नोकरीधंद्याच्या बाबतीत शेवटचा शब्द माझा असे समजतात.

मी विचारले, "तू तिथे वाजवणार काय?"

"काहीच नाही."

"गाणार?"

"नाही, काका."

"मग पगार कशाचा?"

हा प्रश्न फार मार्मिक आहे असे मला वाटले. पुढची साडेतीन वर्षे मी तो प्रत्येक लग्नात लोकांना ऐकवला.

शिक्षण कसे असते ते मला हळूहळू कळले. व्हायोलिन शिकणाऱ्याच्या घरी व्हायोलिन असते. नूतनचे वाद्य म्हणजे साठ माणसे, आणि साठ माणसे कोणी विद्यार्थ्याच्या हाती देत नाही. पहिले वर्षभर तिच्यासमोर ऑर्केस्ट्रा म्हणून दोन पियानो होते. बाकी सराव आरशापुढे. साडेतीन वर्षांत खरा ऑर्केस्ट्रा तिच्या वाट्याला आला तो एकूण एक्केचाळीस मिनिटे. मी म्हटले, "अगं, आम्ही ट्रकवर ड्रायव्हर ठेवतो तेव्हा याच्यापेक्षा जास्त वेळ गाडी चालवून बघतो."

ती म्हणाली, "तेच तर म्हणतेय, काका."

२०१८च्या जानेवारीत ती तिच्या भावाच्या लग्नाला घरी आली. युरोपात तरुण कंडक्टरांची एक स्पर्धा होती. वयाची अट अशी, की अर्ज करताना एकोणतीस पूर्ण झालेले नसावे, आणि नूतनला मार्चमध्ये एकोणतीस पुरी होणार होती. शिष्यवृत्ती जूनमध्ये संपत होती. म्हणजे स्पर्धेत निवड झाली तर पुढचा रस्ता, नाही तर मुंबईच्या त्याच शाळेत परत. अर्जासोबत एक व्हिडिओ पाठवायचा: दोन रचना सलग, मध्ये कुठेही न कापता, समोर किमान बारा वादक, आणि कॅमेरा कंडक्टरच्या तोंडाकडे. शेवटची तारीख १२ फेब्रुवारी. तिकडच्या विद्यार्थ्यांचा ऑर्केस्ट्रा तिला मिळणार होता. वरात निघण्याच्या तासभर आधी त्यांचा नकार आला.

नूतन मांडवामागे खुर्चीत बसून मोबाईलकडे बघत होती. समोर मसोलीच्या जीवनचा बँड वाजत होता. मी तेव्हा नुकतीच तिसरी वाटी श्रीखंड संपवली होती. पोट भरले की मला जगातल्या कुठल्याही अडचणीवर उपाय दिसतो.

"बाराच माणसं ना?" मी म्हणालो. "मी आणतो."

जीवन पंचवीस वर्षे बँड चालवतो, स्वतः ट्रम्पेट वाजवतो. अकरा तारखेला संध्याकाळी त्याची वरात होती, पण पाच वाजेपर्यंत तो मोकळा होता. माणसे मात्र नऊच. बाकीची दुसऱ्या गावी. पहिली रचना स्पर्धेने नेमून दिलेली, दुसरी मात्र स्पर्धकाच्या पसंतीची, त्यामुळे नूतनला त्यात तारपा हवा होता, म्हणजे ज्याच्याभोवती घेरा धरून वारली नाचतात ते दुधी भोपळ्याचे फुंकवाद्य. आमच्या संस्थेच्या शेडमध्ये चिकू भरायला येणाऱ्या सुकीचे वडील हाल्या, तलासरीकडच्या पाड्यावरचे, तारपा वाजवायचे. त्यांना विचारले. ते दहावे. त्यांच्याबरोबर काठी आपटून ताल धरणारा काकड्या, तो अकरावा.

बारावा मिळेना. शेवटी नूतनने माझ्याकडे पाहिले.

शेडच्या दारात रेल्वेच्या रुळाचा एक तुकडा टांगलेला आहे. जेवणाची सुट्टी झाली की त्यावर लोखंडी कांब मारतात. नूतन म्हणाली, "दुसऱ्या रचनेत शहाण्णवाव्या आवर्तनाला ह्याचा एक ठोका. तो तुमचा." मी होकार दिला आणि त्याच दिवशी नवी वही आणली. आडवे रकाने, उभे रकाने, दर चार आवर्तनांना एक काट. घरी हिरकणीच्या, म्हणजे माझ्या बायकोच्या, पराती पालथ्या घालून सराव सुरू केला.

"एकदाच वाजवायचंय ना?" ती म्हणाली.

"एकदाच."

"मग सकाळपासून शहाण्णव काय मोजताय? आमटी उतू गेली."

तीन दिवस शेडमध्ये तालीम झाली. पालथे घातलेले दोन क्रेट आणि वर गोणपाट हा नूतनचा मंच. पहिली अडचण अशी, की जीवनच्या माणसांना बसून वाजवता येईना. आयुष्यभर चालत वाजवलेले, पाय थांबले की हात थांबत. नूतनने खुर्च्या काढून टाकल्या आणि जागच्या जागी पाय हलवायला परवानगी दिली. नेमून दिलेली रचना तिने त्यांना ऐकवून ऐकवून बसवली. जीवन म्हणाला, "ताई, ही तर पाठवणीची ट्यून आहे. नवरीच्या बापाकडे बघून वाजवतो, म्हणजे जमेल."

"बापाकडे नको, माझ्याकडे बघून वाजवा."

"तुम्ही रडाल का?"

"तुम्ही सुरात वाजवलंत तर रडेन."

हाल्या कोपऱ्यात पायांवर बसून हे सगळे पाहत होते. दुध्याचा तो लांब तारपा मांडीवर आडवा. मला म्हणाले, "साहेब, ही बाय हातानं काय करते? भात झोडते?"

मी त्यांना कंडक्टर म्हणजे काय हे तपशीलवार समजावले. अर्धे मलाच माहीत नव्हते. त्यांनी शांतपणे ऐकले आणि म्हणाले, "म्हणजे आमच्याकडं तारपा जे करतो ते ती हातानं करते. मग असं सांग ना." आणि एकच अट घातली: तारपा वाजत असताना जे कोणी घेऱ्यात असतील त्यांनी तारप्याला पाठ दाखवायची नाही. कुठेही वळा, पण पाठ नाही. नूतन खूश झाली. तिला तरी तारप्याकडे तोंड करूनच उभे राहायचे होते. मी अट वहीत चौथ्या नंबरावर लिहून घेतली आणि खाली रेघ मारली.

रविवारी दुपारी पावणेतीनला चित्रीकरण सुरू झाले. लग्नाच्या फोटोग्राफरचा कॅमेरा आमच्या मागे तिकाटण्यावर उभा होता, म्हणजे त्यात नूतनचा चेहरा आणि आमच्या पाठी. मी सर्वांत मागे, कॅमेऱ्याच्या अगदी पुढ्यात, शेजारी रूळ. हाल्या पुढे एका कडेला, आम्ही सगळे दिसू असे तिरके उभे.

पहिली रचना अशी झाली, की जीवनच्या डोळ्यांत पाणी आले. थांबायचे नव्हते. नूतनने श्वास घेतला, डावा हात हाल्याकडे नेला आणि तारपा सुरू झाला. तारपा वाजवणारा मध्ये दम घेत नाही, आवाज पिठाच्या गिरणीसारखा अखंड चालतो. काकड्याची काठी, बँडचे पाय. मी वहीत डोके घालून काट मारत होतो. अडुसष्ट. एकोणसत्तर. सत्तर. एकदाही मान वर केली नाही.

एकाहत्तराव्या आवर्तनाला माझ्या मनात शंका आली, की कॅमेऱ्याचा लाल दिवा चालू आहे ना? आयुष्यभर दुसऱ्यांची कामे तपासून ही खोड लागली आहे. मी वळलो आणि भिंगात निरखून पाहिले. दिवा चालू होता.

तारपा थांबला. गिरणीचा पट्टा निसटावा तसा. मग क्लॅरिनेट, मग ट्रम्पेट, सगळ्यात शेवटी मोठा ढोल. मी वळून पाहिले तर सगळे माझ्याकडे पाहत होते. नूतनचे हात हवेत तसेच होते.

"साहेब," हाल्या म्हणाले, "तू पाठ फिरवली."

"लाल दिवा बघत होतो."

"दिवा काय पळून चालला होता?"

जीवन हसला. नूतन हसली नाही. ती क्रेटवर बसली आणि घड्याळ पाहू लागली. तीन वाजून सात मिनिटे. बँडला पावणेपाचला निघायचे होते, आणि अर्ज दुसऱ्या दिवशी.

"परत सुरू करू या," मी म्हणालो.

हाल्यांनी नकारार्थी मान हलवली. रागावलेले अजिबात नव्हते. शिक्का नसलेले बिल मी परत करतो तेव्हा माझा चेहरा जसा असतो तसाच त्यांचा होता. वाजता वाजता मध्येच मोडलेला तारपा देवापुढे नारळ आणि ताडीची धार दिल्याशिवाय पुन्हा फुंकत नाहीत, आणि ते पाठ फिरवणाऱ्यानेच द्यायचे. माझ्या बोर्डीच्या वाडीत नारळाची चौतीस झाडे आहेत. खिशात एकही नारळ नव्हता.

हाल्यांनी आपल्या पिशवीतून नारळ काढला. घरच्या देवासाठी नेत होते. "घे. पण हा तुझ्यावर राहिला. ताडी तू स्वतः जाऊन आण."

मी जन्मात ताडीच्या झोपडीत पाय ठेवला नव्हता. इस्त्रीचा पांढरा शर्ट, खिशाला दोन पेने, अशा थाटात मी स्कूटरवरून गेलो. ताडी विकणारी सोमी मला ओळखत होती. तिने बाक पुसला.

"हिशेबवाले साहेब! या, बसा. घरी सांगून आलात ना?"

"मला प्यायची नाही. देवाला पाहिजे."

"इथं येणारा पहिल्या दिवशी असंच बोलतो," सोमी म्हणाली, आणि बाकावरचे चौघे जण सरकून मला जागा करू लागले. त्यांतला एक आमच्या संस्थेचा सभासद होता. त्याने मला नमस्कार केला. वार्षिक सभेत तो कधी करत नाही.

परत येऊन मी नारळ फोडला, जमिनीवर ताडीची धार सोडली. हाल्यांनी तारपा कपाळाला लावला. चार वाजायला पाच मिनिटे होती, म्हणजे एकदाच वाजवता येणार होते. मी रुळाशी जाऊन वही उघडली. नूतन क्रेटवरून उतरून माझ्यापर्यंत आली.

"काका, वही द्या."

"अगं, मग मोजू कसा?"

"मोजायचं काम माझं. तुम्ही बघा."

"कुठे?"

"माझ्याकडे. दुसरीकडे कुठेच नाही."

तिने माझी वही मंचावरच्या गोणपाटाखाली सरकवली आणि तिच्यावर उभी राहिली.

ती अठ्ठावीस मिनिटे मी पापणी लवू दिली नाही. तीन दिवस मी तिच्यासमोर उभा होतो आणि ती काय करते ते तेव्हा प्रथमच पाहिले. जीवनला घाई झाली की ती तळहात किंचित खाली दाबायची आणि बँडचे बाराच्या बारा... चुकलो, अठरा पाय एकदम सावकाश पडायचे. काकड्या मागे पडला तर त्याच्याकडे नुसती हनुवटी. हाल्यांना ती काहीच सांगत नव्हती, त्यांचाच दम ऐकून बाकीच्यांना त्यामागे नेत होती. मला कितवे आवर्तन चालू आहे याची काही कल्पना नव्हती. मग तिने माझ्याकडे पाहिले. फार नाही, एका ठोक्याएवढे आधी. भुवई उचलली, डाव्या हाताचे बोट वर नेले आणि खाली आणले.

मी मारला. जरा जोरातच बसला. क्लॅरिनेटवाला दचकला, शेडबाहेर बसलेले कावळे उडाले. पण जागेवर बसला. पगार कशाचा, ते मला अठ्ठावन्नाव्या वर्षी समजले, आणि तो प्रश्न मी लग्नांतून बंद केला.

अर्ज गेला. एकशे त्रेसष्टांतून चोवीस निवडले, त्यांत नूतन होती. दुसऱ्या फेरीत ती बाहेर पडली. बक्षीस मिळाले नाही. पण तिथे आलेल्या एका लहान नाट्यगृहाच्या मुख्य कंडक्टरने तिला साहाय्यक म्हणून घेतले. ती आता विंगेत उभी राहते, छोट्या टीव्हीवर मुख्य कंडक्टरचे हात बघून पडद्यामागच्या गायकांना इशारे देते, आणि मुख्य कंडक्टर आजारी पडला तर बाहेर येते. दीड वर्षात तो दोनदा आजारी पडला. गावात मी ती तीन देशांत कार्यक्रम करते असे सांगतो. खरे तर तिसऱ्या देशात सामानाची गाडी उशिरा आली आणि कार्यक्रम रद्द झाला.

मोडलेला पहिला व्हिडिओ हिरकणीच्या मोबाईलमध्ये आहे. एकाहत्तराव्या आवर्तनाला पडदाभर माझा चेहरा येतो, कपाळाला आठ्या, एक डोळा बारीक. ती तो सगळ्या पाहुण्यांना दाखवते. "पूर्ण ऑर्केस्ट्रात तोंडावर काही भाव असलेला हा एकच माणूस," असे म्हणते.

त्याच आठवड्यात मी वाडीतले निवडून पाच नारळ घेऊन हाल्यांच्या पाड्यावर गेलो होतो. त्यांनी चहा दिला, नारळ घेतले नाहीत. म्हणाले, "असा नाय. ती बाय परत येऊन हात हलवील, मी फुंकीन, तवा एक दे. एकच घेतला होता तू."

आता २०१९चा डिसेंबर आहे. पुढच्या मे महिन्यात मी निवृत्त होईन. नूतनला अजून रजा मिळालेली नाही. हाल्यांचा एक नारळ मी देणे लागतो.