दारातले सात सेकंद

माझ्या नवऱ्याच्या हट्टाला काय औषध आहे, ते मला इतक्या वर्षांच्या संसारात सापडलेलं नाही. प्रबोध एडिटर. बारा वर्षं मुंबईत फिल्म कापली नि चिकटवली, पडद्यावर नाव एकदाही आलं नाही. मग त्र्याण्णव साली आम्ही सिंगापूरला आलो. इथलं काम काय, तर तीस वर्षांपूर्वीची जपानी कार्टून टीव्हीसाठी बावीस मिनिटांत बसवायची. कुणीही डोळे मिटून केलं असतं. हा डोळे उघडे ठेवून करायचा, तिथेच घोडं पेंड खायचं.

त्या जुन्या कार्टूनमध्ये एकच चित्र कितीतरी वेळ नुसतं स्थिर. स्टुडिओचे मालक मिस्टर टॅन इथल्या सगळ्यांसारखं वाक्याला 'लाह'चं शेपूट लावून म्हणायचे, "नो मनी टू ड्रॉ, सो दे होल्ड. कट, लाह!"

शहाण्णव साली एका भागावर हा अडून बसला. मुलगी शाळेला निघते आणि आई सात सेकंद दारात उभी. काही हलत नाही, वाऱ्याचा आवाज तेवढा. टॅनना नेमके तेच सात सेकंद नको होते. महिनाअखेर आमचा एम्प्लॉयमेंट पास संपणार, तो वाढवायचं पत्र टॅनच देणार, आणि हा चोआ चू कांग उपनगरातल्या आमच्या फ्लॅटमध्ये पोहे खात मला शिकवतोय, "अगं, जपानी माणूसही 'जाते' म्हणत नाही. आपल्यासारखं 'जाऊन येते' म्हणतो. मग आई लगेच आत कशी वळेल?"

"ती चित्रातली आई आहे!" मी ओरडले. "तुझी खरी मुलगी इथे चौथीत आहे. पास गेला तर तिची शाळा सुटेल. काप मुकाट्यानं!"

कापलं. दोन दिवस माझ्याशी अबोला धरला, पण पत्र मिळालं. खोटं कशाला सांगू, मला हायसं वाटलं.

तो भाग लागला तेव्हा आमच्या जाईला मी मुद्दाम टीव्हीसमोर बसवलं. मुलगी निघाली, आई झटकन आत वळली. जाईनं विचारलं, "बाबा, हर मम्मी डोन्ट लाइक हर, इझ इट?"

प्रबोधनं माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही. पाहिलं असतं तर निदान भांडता आलं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी जाई दप्तर घेऊन निघाली. "बाय!"

"बाय काय? येते म्हण!" मी खेकसले.

"येते, लाह!" म्हणत ती लिफ्टमध्ये शिरली. दार मिटलं, लिफ्ट खाली गेली.

"शैला, कुकरच्या चार शिट्ट्या झाल्या!" आतून प्रबोध ओरडला.

"होऊ देत," मी दारातूनच म्हटलं. "माझे सात व्हायचेत अजून."