कर्ता नसलेलं वाक्य

देवरे सर गेल्याचा फोन मी शिकवते त्या शाळेच्या स्टाफरूममध्ये आला. तात्यांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, गावाहून केला होता. "गुरुजी गेले सकाळी," एवढंच ते म्हणाले. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात चार ओळींची बातमी आली. तीत सरांना ‘इतिहासाचे व्रतस्थ अभ्यासक’ म्हटलं होतं. सरांनी स्वतः ही बातमी वाचली असती, तर आधी त्या ‘व्रतस्थ’वर बोट ठेवलं असतं. हा शब्द देणाऱ्यानं मला कुठं पाहिलं होतं, असं विचारलं असतं. सर गेले त्याला आता पाच-सहा आठवडे झाले. त्यांच्याविषयी लिहायला बसले की प्रत्येक विशेषणाचा संशय येतो. ही खोड त्यांनीच लावलेली.

नाशिकच्या शाळेत ते आम्हाला इतिहास शिकवायचे, पण अर्धा तास व्याकरणातच जायचा. पुस्तकात ‘दुष्काळात गावे ओस पडली’ असं वाक्य आलं की ते थांबायचे. गावं आपोआप पडतात का? धान्य कोणाकडे होतं, ते कोणी अडवलं? "कर्ता कुठाय?" हा त्यांचा ठरलेला प्रश्न. आम्ही पोरी तोंडावर ओढणी धरून हसायचो. सर बागलाणातले, घरची बोली अहिराणी. लहानपणी शाळेत त्यांनी ‘घरात पाणी आहे’ऐवजी ‘घरमा पानी शे’ असं म्हटलं, तर मास्तरांनी त्यांना ते सगळ्या वर्गासमोर पुन्हा पुन्हा म्हणायला लावलं होतं. ही गोष्ट सांगून ते एकदा म्हणाले होते की सरकारी कागदाची भाषा वेगळी आणि घरची वेगळी. या दोहोंच्या मधे जो उभा असतो, त्याच्या हातात फार काही असतं. मला वाटलं, ते आपल्या त्या मास्तरांविषयीच बोलताहेत.

आमचं गाव त्र्यंबकच्या बाजूला. जुनं गाव धरणात गेलं, नवं माळावर वसलं. भाजी आणि फुलं पिकवून नाशिकच्या बाजारात नेणारी माणसं. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस गावात बोलणं निघालं की जुनं गाव पाहिलेली माणसं एकेक करून चालली आहेत, कोणीतरी सगळं लिहून ठेवायला हवं. समिती झाली, तात्या तिचे अध्यक्ष. सर नुकतेच निवृत्त झाले होते, म्हणून मी त्यांचं नाव सुचवलं. तात्यांनी ते लगेच मान्य केलं. सरांनी मात्र दोनदा साफ नकार दिला आणि आठवड्याभरानं स्वतःच माझ्या दारात येऊन उभे राहिले. लिहितो म्हणाले, पण तू बरोबर पाहिजेस. मला तो माझा मान वाटला.

पुढची दोन वर्षं आमचे रविवार गावात गेले. मी टेपरेकॉर्डर सांभाळायची, सर प्रश्न विचारायचे. प्रत्येक म्हाताऱ्याचं सांगणं एकाच वाक्यावर यायचं... पाणी आलं अन् गाव उठलं. सर तिथं हटकून विचारायचे, उठलं की उठवलं? काही जण चिडायचे. एकदा तात्याच म्हणाले, "एका अक्षरानं काय एवढं बिघडतं हो, गुरुजी?" सर म्हणाले, "त्या एका अक्षराच्या मागं माणूस लपलेला असतो." तात्यांनी विषय बदलला.

एक गोष्ट मला खटकायची. गावात सगळ्यात वयस्क ठकूआजी. लग्न होऊन जुन्या गावातच आलेली, जिभेची तिखट, आठवणीची पक्की. पण तिच्याकडे जायचं ठरलं की सरांना काहीतरी निघायचंच. कधी डोकं दुखायचं, कधी एसटीची वेळ व्हायची. शेवटी मी एकटीच गेले. ती ओट्यावर शेवंतीचे गजरे करत होती. धरणाची नोटीस आली त्या दिवसाचं विचारलं, तर म्हणाली, "एका तरण्या मास्तरानं वाचून दावली. बाजूला सायेब बसला व्हता. मास्तर म्हनला, जमिनीची मोजणी हाय, अंगठे द्या. मालकानं दिला, समद्यांनी दिला. मोजणी कसली, जमीनच गेली." मी त्या मास्तराचं नाव विचारलं. तिनं गजऱ्याची गाठ मारली आणि माझ्याकडे न बघता म्हणाली, "नाव मला कशापायी इचारते? तुझ्याच संगं फिरतो की तो."

बसमध्ये मी सगळा वेळ सरांना वाचवायचा मार्ग शोधत होते. आजीचं वय झालं, ती गोंधळली असेल, दुसऱ्याच कोणाला सर समजत असेल. मग लक्षात आलं की मी साक्षीदाराला खोटं पाडते आहे, कारण आरोपी माझा आहे. घरी जाऊन हस्तलिखित काढलं. नोटिशीच्या प्रकरणात सरांच्या नेटक्या अक्षरात एक वाक्य होतं : ‘नोटीस ग्रामस्थांना वाचून दाखवण्यात आली.’ मी ते याआधी तीनदा वाचलं होतं, टाइपही केलं होतं. काही खटकलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी त्यांच्या घरी गेले. काकू चहा ठेवून आत गेल्या. मी पान पुढं ठेवलं आणि म्हटलं, "सर, कर्ता कुठाय?"

त्यांनी ती ओळ बोटानं धरून वाचली. चहावर साय धरली... मग म्हणाले, "मी."

नंतर त्यांनी सांगितलं ते असं. विशीतले होते, बदली शिक्षक म्हणून काही महिन्यांसाठी त्या गावी आले होते, नोकरी अजून कायम व्हायची होती. गावात वाचता येणारी दोनच माणसं, त्यांतले एक हे. कागदावर होतं ‘संपादन’, म्हणजे जमीन सरकार ताब्यात घेणार, आणि हरकत असल्यास मुदतीत कळवण्याविषयी. साहेब म्हणाला, सोप्या भाषेत सांगा, उगाच गोंधळ नको. यांनी सोपं केलं. ‘संपादन’ या शब्दाचं ‘मोजणी’ झालं आणि हरकतीचं वाक्य वाचायचंच राहिलं. मी विचारलं, राहिलं की ठेवलं? ते किंचित हसले आणि त्यांनी गार झालेला चहा उचलला.

त्या रात्री त्यांनी तीन पानं लिहिली. मी वाचून रडले. दोन दिवसांनी त्यांनीच ती मागून घेतली. "यात मी फार चांगला दिसतो," म्हणाले. "पश्चात्ताप लिहिता लिहिता माणूस हळूच नायक होऊन बसतो." तीन पानांच्या शेवटी पाच ओळी उरल्या. पहिली होती : ‘नोटीस मी वाचून दाखवली.’

तात्यांना ते पान नको होतं. आम्ही बापलेक पहिल्यांदाच इतके भांडलो. सर कोण ते त्यांना पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. म्हणूनच मी सुचवलेल्या नावाला त्यांनी लगेच होकार दिला होता. असा माणूस जुनं उकरणार नाही, हा त्यांचा हिशेब. कारण पहिला अंगठा आमच्या आजोबांचा होता, त्यांचं बघून बाकीच्यांनी दिले. ‘गाव उठलं’ या वाक्यात सरांइतकेच आम्हीही सुखानं राहत होतो. मी तात्यांना एवढंच म्हटलं की पान काढलं तर पुस्तकावरून माझं नावही काढावं लागेल. सरांनी वाद घातला नाही. छापण्याआधी मला हे गावासमोर वाचू द्या, मग गाव ठरवेल, असं ते म्हणाले.

मारुतीच्या सभामंडपात दुपारी माणसं जमली. सरांनी त्या पाच ओळी वाचल्या. मग मागच्या खांबाला टेकलेली ठकूआजी म्हणाली, "गुरुजी, त्या टायमालाबी तू वाचलं, आताबी तूच वाचतो. कागदावर हेच हाय, ह्ये आमी कसं मानावं?"

मी उठले. तिनं हातानं मला बसवलं. "तू नको. तू त्याची शिकलेली." तिनं शेजारच्या घरातली नवी सून पुढं बोलावली, चांदवडकडची, गावात कोणाचीच फारशी न झालेली. त्या मुलीनं डोक्यावरचा पदर सावरत, अडखळत, तेच शब्द पुन्हा वाचले. आजी एकेका शब्दाला मान हलवत होती. वाचून झाल्यावर म्हणाली, "हं. तेच हाय." माफ केलं, असं ती म्हणाली नाही. पुढं सहा वर्षं जगली, तेव्हाही नाही. सर मात्र एसटीत म्हणाले की आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी आपला धडा नीट शिकलं.

पान राहिलं. पुस्तक निघालं. तात्या माझ्याशी पुढच्या दिवाळीपर्यंत बोलले नाहीत. काही घरांनी सरांना नंतर चहासुद्धा विचारला नाही, आणि सर तरीही दर वर्षी गावच्या जत्रेला जाऊन मंडपात कडेला बसत.

तेराव्यानंतर काकूंनी मला त्यांच्या खोलीत नेलं. पुस्तकाची दुसरी आवृत्ती निघते आहे, सरांच्या प्रतीत काही दुरुस्त्या असतील तर बघ, म्हणाल्या. टेबलावर ती प्रत होती. ते पान आपोआप उघडलं, इतक्या वेळा उघडलेलं. शेवटची ओळ अशी छापलेली आहे : ‘संपादन या शब्दाचा पूर्ण अर्थ तेव्हा मला ठाऊक नव्हता.’ त्या वाक्याचा पूर्णविराम सरांनी पेन्सिलीनं खोडला होता आणि तिथं प्रश्नचिन्ह काढलं होतं. केव्हा, ते काकूंना सांगता आलं नाही. शेवटच्या वर्षात हात थरथरायचा, म्हणाल्या, आणि ते चिन्ह वाकडंतिकडं होतं.

मी घरी आणून ते पुष्कळदा पाहिलं. ही कबुली आहे, की आपल्याच आठवणीवरचा संशय, मला कळलेलं नाही. सरांची दुरुस्ती तशीच छापखान्यात दिली, तर गेल्या आठवड्यात तिथून फोन आला. मॅडम, शेवटच्या ओळीत प्रश्नचिन्ह पडलंय, चुकून ना? पूर्णविराम करू?

मी म्हटलं, नको. त्यांनी दिलंय तेच राहू दे.