ईस्ट कोस्टचा गॉथ राजा

चालता चालता मध्येच थांबून मागे वळून पाहायची त्याला सवय होती. मागे आम्ही येतो आहोत की नाही, हे तो बघायचा. दुपारी सिंगापुरातल्या रॅफल्स प्लेसच्या रस्त्यावर जेवायला निघालेल्या माणसांचा लोंढा असायचा, आणि हा गृहस्थ सिग्नलपाशी उभा राहून हवेत बोट नाचवत आम्हाला मोजायचा. कोणी मागे राहिलं नाही अशी खात्री पटली की म्हणायचा, "आपण सगळे मिळून जायचं." कुठे जायचं, हे मात्र त्याच्या वरचा साहेब कोण आहे त्यावर ठरायचं.

त्याचं नाव मी सांगणार नाही. ज्यांना तो ओळखू यायचा त्यांना नावाशिवायही येईल. ऑफिसात आम्ही त्याला 'सर' म्हणायचो, अहो-जाहो करायचो. आता तसं करायची गरज उरलेली नाही, म्हणून करत नाही.

ही नव्वदच्या दशकातली गोष्ट. जहाजांची देखभाल बघणाऱ्या सिंगापूरच्या एका कंपनीत आम्ही पाच-सहा मराठी इंजिनिअर होतो. बहुतेक जण जहाजावरची नोकरी सोडून संसारासाठी किनाऱ्याला लागलेले आणि चोआ चू कांगला भाड्याच्या फ्लॅटमध्ये राहणारे. तो आमचा मॅनेजर. त्याचा मुक्काम ईस्ट कोस्टला, समुद्र दिसणाऱ्या कॉन्डोत. आमचा एम्प्लॉयमेंट पास, म्हणजे तिथे नोकरी करायचा परवाना, रिन्यू करायची वेळ आली की त्याची शिफारस लागायची. एवढं सांगितलं की आम्ही त्याच्या मागून का चालायचो ते तुमच्या लक्षात येईल. असा एखादा माणूस तुमच्याही ऑफिसात असणारच. फक्त त्याच्याकडे गॉथांचा राजा नसेल.

हा राजा त्याला एका जाडजूड इंग्रजी इतिहासात सापडला होता. रोमन साम्राज्याच्या सीमेवर, डॅन्यूब नदीपलीकडे गॉथ नावाचे लोक राहत. त्यांच्या एका राजाचं दुसऱ्याशी हाडवैर होतं. त्यानं रोमच्या बादशहाकडे मदत मागितली, बादशहानं सैन्य दिलं, आणि त्या उपकाराची फेड म्हणून राजानं बादशहाचा धर्म घेतला. बादशहा ख्रिस्ती होता, त्यातही एका विशिष्ट पंथाचा. राजानं नेमका तोच पंथ उचलला आणि आपल्या सगळ्या लोकांना त्यात ओढलं. राजाचं नाव आमचा मॅनेजर दर वेळी वेगळं उच्चारायचा, पण गोष्ट सांगताना त्याचा ऊर भरून यायचा. राजा लोकांना धर्म समजावत बसला नाही, स्वतः वळला आणि लोकांना वळवलं, याला म्हणतात लीडरशिप, असं तो सांगायचा. मी ही लीडरशिप इतक्या वेळा ऐकली आहे की गॉथ म्हटलं की मला अजून जांभई येते.

मी तिथे लागलो तेव्हा वरचा साहेब चेन्नईचा, शुद्ध शाकाहारी होता. त्यामुळे आमचा मॅनेजर शाकाहारी होता, आणि त्यामुळे आम्हीही. हॉकर सेंटरमध्ये, म्हणजे खाण्याच्या गाळ्यांच्या बाजारात, तो टेबलाच्या टोकाला बसून प्रत्येकाच्या ताटात डोकवायचा. आमच्यातला मालवणचा मित्र, ज्याला माशाशिवाय घास उतरत नसे, तो वर्षभर टोफू चिवडत बसला. चेन्नईच्या साहेबाला याचा पत्ताही नव्हता. तो आपला डबा घेऊन केबिनमध्ये एकटा जेवायचा. तो रिटायर होऊन गेला त्याच दुपारी मॅनेजरनं चिकन राइस मागवला आणि आम्हालाही मागवायला लावला. मालवणकराच्या डोळ्यांत पाणी आलं, ते मिरचीमुळे असं तो म्हणाला.

नंतर आलेला साहेब सिंगापूरचाच, चिनी, मितभाषी आणि मनापासून ख्रिस्ती होता. केबिनच्या भिंतीवर छोटासा क्रूस. चहाचा कप उचलण्याआधी तो क्षणभर मान खाली घालायचा, बस्स. कुणाला काही विचारणं नाही, सांगणं नाही. मॅनेजरनं पहिल्याच दिवशी क्रूस पाहिला आणि त्याच आठवड्यात त्याचीही चहावर मान झुकू लागली. बुधवारी दुपारी मीटिंग रूममध्ये तीन-चार माणसं प्रार्थनेला जमायची. एका बुधवारी आमची वरात तिथे पोचली. बसायला खुर्च्या पुरेनात. साहेब चकित झाला आणि बिचारा इतका आनंदला की मला त्याची दया आली.

मॅनेजरच्या बायकोला आम्ही वहिनी म्हणायचो. डोंबिवलीला शाळेत शिकवायच्या, नवऱ्यासाठी नोकरी सोडून आल्या होत्या. मूल नव्हतं. कॉन्डोत शेजारी कोण राहतं ते त्यांना माहीत नव्हतं आणि शेजाऱ्यांनाही त्या माहीत नव्हत्या. नवरा म्हणेल तिथे जायचं, म्हणेल ते रांधायचं. शाकाहाराच्या वर्षी त्यांनी साहेबासाठी म्हणून इतक्या अळूवड्या वळल्या की त्यांच्या हाताला खाज बसली. आता देव्हाऱ्यात गणपतीशेजारी येशूचं चित्र आलं होतं. मी एकदा त्याकडे पाहत राहिलो तर वहिनी हळूच म्हणाल्या, "पुढचा साहेब कोणाचा येतो ते बघून जागा ठेवलीय." नवरा आतल्या खोलीत होता.

मग त्यानं आम्हाला साहेबाच्या चर्चमध्ये नेलं, रविवारी, बायकांसकट. दारात त्यानं आधी स्वतःचे बूट काढले आणि मग आम्हाला काढायला लावले. पायरीवर आमच्या पादत्राणांची रांग लागली. आत येणारी चिनी कुटुंबं ती ओलांडून, गोंधळून, बूट घालूनच आत जात होती. प्रार्थना झाली, गाणी झाली, आणि शेवटी लोक उठून पाद्र्यापुढे रांगेत उभे राहिले. पाद्री प्रत्येकाच्या हातावर एक पातळ पांढरी चकती ठेवत होता. आमच्या मॅनेजरला तेवढं पुरलं. मागे वळून तो कुजबुजला, "प्रसाद आहे. नाही म्हणायचं नाही. उजवा हात वर."

आम्ही गेलो. उजवा हात डाव्यावर ठेवून चकती घेतली, कपाळाला लावली आणि तोंडात टाकली. पाद्र्यानं आमच्याकडे जरा निरखून पाहिलं, पण रांग लांब होती. मॅनेजरनं तर कमाल केली. चकतीचे दोन तुकडे केले, एक खाल्ला आणि दुसरा रुमालात बांधून खिशात ठेवला, घरी देवापुढे ठेवायला.

साहेबानं ते पाहिलं होतं. बाहेर व्हरांड्यात तो आमच्याकडे आला. इतक्या हळू बोलला की आम्हाला पुढे वाकावं लागलं. ज्यांचा बाप्तिस्मा झालेला नाही त्यांनी हे घ्यायचं नसतं, ते आमच्यासाठी येशूचं शरीर आहे, मी आधी सांगायला हवं होतं, चूक माझी आहे, असं तो म्हणाला. मग त्यानं हात पुढे केला आणि रुमालातला तुकडा परत मागितला. मॅनेजरनं रुमाल सोडून तो दिला. अनवाणी पायांनी आम्ही सगळे खाली बघत उभे होतो. वहिनींचा चेहरा लालबुंद झाला होता. मला तेव्हा त्या माणसाची जी किळस आली ती अजून गेलेली नाही. आपल्या देवाचं त्याला काही नव्हतं आणि दुसऱ्याच्या देवाचंही नव्हतं.

शरम त्याला ठाऊकच नव्हती. टॅक्सी स्टँडवर पोचेपर्यंत त्यानं त्यातून वाट काढली होती. बाप्तिस्मा नाही हीच अडचण ना, मग घेऊन टाकू. आपण सगळे मिळून जायचं. दुसऱ्या दिवशी ऑफिसात प्रत्येकाला एकदम आपलं कूळ आठवलं. कोणाच्या आईनं अंथरूण धरलं, कोणाच्या बायकोचे सोळा सोमवार निघाले. साताऱ्याचा आमचा इलेक्ट्रिकल इंजिनिअर गंभीर चेहऱ्यानं म्हणाला, "सर, आमच्यात खंडोबाला विचारल्याशिवाय काही करत नाहीत, आणि तो जेजुरीला." मॅनेजरनं उदारपणे आम्हाला मुदत दिली. राजा आधी, प्रजा मागून. पहिले तो आणि वहिनी.

बाप्तिस्म्याआधी गुरुवारी संध्याकाळी वर्गाला बसावं लागायचं. हा पहिल्या गुरुवारी जाऊन साहेबाला दिसेल असा बसला, नंतर मीटिंगचं कारण काढून जायचा बंद झाला. वहिनी मात्र जात राहिल्या. रुमालाच्या प्रकारानंतर त्या एकट्याच म्हाताऱ्या पाद्र्याची माफी मागायला गेल्या होत्या, हे मला फार उशिरा कळलं. पाद्र्यानं त्यांना माफी मागू दिली नाही, चहा दिला आणि विचारलं, तुम्हाला काय वाटलं ते घेताना. इतक्या वर्षांत आपल्याला काय वाटतं हे त्यांना कोणी विचारलं नव्हतं. त्या प्रश्न विचारायला लागल्या, भांडायला लागल्या, घरी येऊन वाचायला लागल्या. मला त्या भेटल्या की बोलण्यात एक ताठपणा आलेला जाणवायचा. शाळेतल्या बाई परत आल्या होत्या.

आणि बाप्तिस्म्याच्या रविवारला आठवडा उरलेला असताना साहेबाची हाँगकाँगला बदली झाली. त्याच्या जागी आलेला गोरा साहेब कुठल्याच देवाचा नव्हता. त्याचा देव सायकल. दर रविवारी सकाळी तो ईस्ट कोस्ट पार्कात समुद्राकाठानं सायकल हाणायचा आणि स्टाफनं सहकुटुंब यावं असं त्याला वाटायचं. निदान मॅनेजरनं आम्हाला तसं सांगितलं.

शनिवारी दुपारी त्यानं मला घरी बोलावलं, नव्या सायकलचे गिअर लावायला. हॉलमध्ये वर्तमानपत्र पसरून मी सायकल उलटी टाकली होती. तो सोफ्यावर बसून वहिनींना सांगत होता की उद्याचं रद्द, पाद्र्याला फोन कर, सकाळी राइड आहे, तू सँडविच कर, आपण सगळे मिळून जायचं.

वहिनी स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "मी येणार नाही. उद्या माझा बाप्तिस्मा आहे."

तो हसला. "अगं, तो साहेब गेला हाँगकाँगला. आता कुणासाठी घेतेस?"

"त्या राजाची गोष्ट तुम्ही नेहमी अर्धीच सांगता," वहिनी म्हणाल्या. "पुस्तक इथेच पडलेलं असतं, मी पुढचं वाचलं. तो बादशहा मेला, त्याच गॉथांशी लढताना. नंतरच्या बादशहानं तो पंथच मोडून काढला. राजाही गेला. पण लोकांनी धर्म सोडला नाही. घेताना राजानं घ्यायला लावला होता. सोडायला सांगितलं तेव्हा त्यांनी कुणाचं ऐकलं नाही. पिढ्यान् पिढ्या धरून बसले."

वहिनींचा आवाज खाली आला. "तुम्ही मला सगळीकडे नेलंत. चर्चमध्ये एक गुरुवार गेले नाही तर माणसं विचारतात, का आली नव्हतीस. अशा ठिकाणी एकदाच नेलंत. तेवढं आता काढून घेऊ नका."

बायको त्याच्याकडे काही मागत होती, बहुधा पहिल्यांदाच. तो माझ्याकडे वळला आणि म्हणाला, "बघ रे, मागचा ब्रेक घासतोय का." मी पाना खाली ठेवला आणि हात धुऊन निघून आलो. ब्रेक घासत होता.

दुसऱ्या दिवशी आम्ही झाडून सगळे ईस्ट कोस्टला होतो. पोटाला घट्ट बसलेली काळी चड्डी घालून तो साहेबाच्या मागून पाय मारत होता आणि सारखा मागे वळून पाहत होता. दोनदा पडता पडता वाचला. बायका सँडविच घेऊन आल्या होत्या. वहिनी नव्हत्या. साहेबानं त्यांची चौकशी केली तेव्हा त्यानं सांगितलं की तिला बरं नाही. तिकडे चर्चमध्ये त्याच वेळी, पांढरी साडी नेसून, ओळखीचं एकही मराठी माणूस नसताना, वहिनी पाद्र्यापुढे उभ्या होत्या. आमच्यापैकी कोणी गेलं नाही, कारण तो मोजत होता.

गोऱ्या साहेबाला सायकल चालवणारे हवे होते, पण मॅनेजर त्याला आपल्या ओळखीचा हवा होता. वर्षाच्या आत त्यानं तो आणला. आमच्या राजाला खुर्ची सोडावी लागली. त्याला जकार्तात नोकरी मिळाली. वहिनी गेल्या नाहीत. दोघांना पीआर, म्हणजे सिंगापुरात कायम राहायची परवानगी, मिळालेली होती आणि वहिनी चर्चजवळच्या एका बालवाडीत शिकवू लागल्या होत्या. भांडण झालं नाही म्हणे. त्यानं "आपण मिळून जायचं" म्हटलं आणि त्यांनी "तुम्ही जाऊन या" म्हटलं, एवढंच.

त्याची फ्लाइट रविवारी सकाळी होती. विमानतळावर सोडायला त्यानं सगळ्यांना सांगितलं होतं. आता पास त्याच्या हातात नव्हते, त्यामुळे सगळ्यांना कामं निघाली. मी गेलो. माझ्या मनात त्याच्याबद्दल आदर नव्हता, आजही नाही. चांगीपर्यंतच्या टॅक्सीत तो जकार्ताच्या नव्या साहेबाबद्दल बोलत होता; तो योगासनं करतो म्हणे. दारापाशी आल्यावर त्यानं विचारलं, "ती काही म्हणाली का?" मी म्हटलं, नाही, या वेळी त्या चर्चमध्ये असतात. त्यानं मान हलवली, पासपोर्ट काढला आणि आत गेला.

काचेपलीकडे थोडं चालून तो सवयीनं थांबला आणि वळला. बोट अर्धवट वर आलं होतं. मी हात हलवला. तो माझ्याकडे पाहत नव्हता, माझ्या मागे पाहत होता. माझ्या मागे कोणी येत नव्हतं.