कबुली इंग्रजीत, निकाल नापास

माझ्या धाकट्या बहिणीचा नवरा पोलीस हवालदार. सगळी नोकरी चौकात उभं राहून गेली, गुडघे कामातून गेले. मग विमानतळावर परदेशी प्रवाशांसाठी मदतकक्ष निघाला. तिथे बसायला खुर्ची. अट एकच, इंग्रजी ऐकण्या-बोलण्याचं प्रशिक्षण पास व्हायचं. नाहीतर आहेच चौक.

मी जन्मभर वेल्डिंग केलं. कष्ट कोण करतो आणि कोण दाखवतो, ते मला कळतं. हवालदार करत होते. दाढी करतानाही कानात इंग्रजी.

तोंडी परीक्षेत शिकवणाऱ्या बाईच परदेशी पाहुण्या झाल्या. बॅग हरवली म्हणून रडू लागल्या. हवालदारांनी धीर द्यायचा आणि तक्रार कुठे करायची ते सांगायचं. बस.

पण हवालदारांना संशय आला. टॅक्सीने आलात, मग बॅग बसमध्ये कशी? तिकीट दाखवा. सोबत कोण होतं? कधी नव्हे ते इंग्रजी धो धो सुटलं. बाई गडबडल्या. शेवटी बॅग नव्हतीच म्हणाल्या.

घरी आले ते छाती फुगवून. "दादा, कबुली घेतली! इंग्रजीत!"

"आणि निकाल?"

"नापास." छाती खाली आली. "म्हणे, ऐकणं उत्तम, धीर शून्य. आता तपास संपायच्या आत धीर कसा द्यायचा?"

आठवड्याने फेरपरीक्षा होती. तीच शेवटची. बहीण समोर बसली. "द्या मला धीर."

"डोन्ट वरी!"

"अहो, धीर देताय की दम? आधी मराठीत म्हणा."

त्यांनी घसा साफ केला. "काळजी करू नकोस."

बहीण माझ्याकडे वळली. "दादा, यांना विचार, काय भानगड करून आलेत? लग्न झाल्यापासून असं कधी बोलले नाहीत."

मग आठवडाभर तेच. दूध उतू गेलं, डोन्ट वरी. गॅस संपला, डोन्ट वरी. "वरी माझी मी करते," बहीण ओरडली, "तुम्ही सिलिंडर आणा!"

फेरपरीक्षेत बाई पुन्हा रडल्या. हवालदारांनी पाणी दिलं, धीर दिला, तक्रारीची खिडकी दाखवली. पास झाले. खुर्ची मिळाली.

मी म्हटलं, "जमलं की!"

"जमलं कसलं! मागच्या वेळी बॅग काळी होती, दादा. या वेळी लाल म्हणाल्या. ऐकलं आणि गप्प बसलो. आख्ख्या नोकरीत एवढे कष्ट पडले नव्हते."