मुद्दाम चुकवलेली उत्तरं

माझ्या थोरल्या बहिणीनं, ऑर्नेटानं, गॅसच्या शेगडीची बटणं काढून खिशात घालायला सुरुवात केली त्याला आता तीन वर्षं झाली. शाळेच्या स्वयंपाकघरात चारशे पोरांचं जेवण रांधताना ती बटणं तिच्या खिशात खुळखुळत असायची. घरी नवरा एकटा असायचा. लव्हेल पिकेट, वय चव्वेचाळीस. आमच्या टार्व्हर गावात त्याला न ओळखणारा माणूस नाही. आता तोच कुणाला ओळखत नाही.

काखेत चेंडू दाबायचा, डोकं खाली घालायचं आणि दीड-दीडशे किलोच्या माणसांच्या भिंतीत घुसायचं, हे त्याचं काम. अमेरिकन फुटबॉलमध्ये त्याला रनिंग बॅक म्हणतात. शाळेत तो खेळायचा तेव्हा शुक्रवारी, सामन्याच्या दिवशी, न्हाव्याचं दुकानसुद्धा दुपारीच बंद व्हायचं. मग कॉलेजनं फुकट शिकायला नेलं, मग उत्तरेकडच्या एका व्यावसायिक संघानं. तिथं तो सहा हंगाम टिकला. या कामात तीन हंगाम टिकणाराही नशीबवान म्हणायचा. आम्ही चर्चमधून थेट घरी येऊन टीव्हीसमोर बसायचो. तो पडला की ऑर्नेटा उठून स्वयंपाकघरात जायची, तो उभा राहिला असं मी ओरडून सांगितलं की परत यायची.

तिथं त्याच्या पुढं धावून वाट मोकळी करणारा गडी म्हणजे रॉस्को टिलरी, आमच्याच शेजारच्या गावचा. त्यानंच लव्हेलला परीक्षेची एक युक्ती शिकवली.

हंगाम सुरू व्हायच्या आधी प्रत्येकाला संगणकासमोर बसवत. शब्द दाखवायचे, थोड्या वेळानं विचारायचे. आकृत्या लक्षात ठेवायच्या. मग डोक्याला मार बसला की पुन्हा तीच परीक्षा. पहिल्यापेक्षा मार्क घसरले तर बाहेर बसायचं, आणि एकदा बाहेर बसलेल्याची जागा दुसरा कायमची घ्यायचा. म्हणून पहिल्याच वेळी उत्तरं मुद्दाम चुकवायची, म्हणजे नंतरची घसरण दिसत नाही. "फार चुकवू नकोस, मठ्ठ दिसशील. जेमतेम मार्क पाड," असं रॉस्कोनं सांगितलं होतं म्हणे. हे लव्हेलनं आम्हाला थँक्सगिव्हिंगच्या सणाच्या जेवणावर, हातात टर्कीची तंगडी धरून सांगितलं होतं. सगळे हसलो. सगळ्यात मोठ्यानं मी हसले होते.

छत्तिसाव्या वर्षी तो आमच्या आईच्या मयतीला जाताना तीनदा रस्ता चुकला. मग एकदा गाडी चालू ठेवून पायीच घरी आला. मग ऑर्नेटाला तिच्याच घरात, "बाई, तुम्ही कुणाकडं आलात?" असं विचारलं, तेही अगदी अदबीनं. गेल्या उन्हाळ्यात तिचा हात पिरगाळला. शाळेत तिनं दारात हात सापडला म्हणून सांगितलं.

खेळाडूंसाठी एक योजना आहे. डोकं खेळामुळं बिघडलं असं ठरलं तर घरी दिवसभर सांभाळायला माणूस मिळतो. नाही ठरलं तर ऑर्नेटानं नोकरी सोडायची, आणि तिच्या नोकरीच्या विम्यावरच तर त्याची औषधं येतात. म्हणून आम्ही दोघी त्याला इस्त्रीचा शर्ट घालून शहरात तपासणीला घेऊन गेलो.

डॉक्टर तरुण होता, सभ्य होता. त्यानं दोन कागद शेजारी शेजारी ठेवले, एक एकवीस वर्षांपूर्वीचा आणि एक आजचा.

"फारसा फरक नाही, मिसेस पिकेट. पहिल्यापासून यांचे मार्क असेच आहेत."

"असेच म्हणजे?" ऑर्नेटानं विचारलं.

"म्हणजे... यांची मूळ कुवतच तेवढी."

"चारशे पानांची डावपेचांची वही पाठ होती हो त्याला! ओळ न् ओळ!"

"कागदावर तसं दिसत नाही."

परतताना लव्हेल खुशीत होता. "म्हणजे मी पास ना?" त्यानं चारदा विचारलं. पाचव्यांदा ऑर्नेटा म्हणाली, "हो. पास. गप्प बस आता."

अपील करता येत होतं, पण उत्तरं मुद्दाम चुकवली होती हे सांगणारा, तेव्हाचा संघातला साथीदार हवा होता, घरच्यांचा शब्द चालत नव्हता. त्यानं सही करून द्यायची. एक होता ट्रकच्या अपघातात गेलेला, एकाचा पत्ता नाही. उरला रॉस्को. तो आता हायस्कूलच्या संघाचा मुख्य प्रशिक्षक आहे, चर्चमध्ये पहिल्या बाकावर बसतो.

आम्ही गेलो तेव्हा तो अंगणात मासे तळत होता. कागद वाचला, हात पुसले, पुन्हा वाचला.

"वहिनी, हे मला आठवत नाही."

"आठवत नाही?"

"वीस वर्षं झाली. कोण काय बोललं..."

"लव्हेललाही आठवत नाही. पण त्याच्या डोक्यावर माणसं आदळली होती. तुमच्या डोक्यावर काय पडलं, रॉस्को?"

त्यानं कढईखालची आच बारीक केली. "माझ्या हाताखाली साठ मुलं आहेत. तीही हीच परीक्षा देतात. मी असं शिकवायचो हे लिहून दिलं तर उद्या मला शाळेत पाऊल ठेवू देतील?"

"त्यांनाही शिकवता का?" मी विचारलं.

"तू मधे पडू नकोस गं."

"नाही म्हणा ना मग."

तो नाही म्हणाला नाही. मासे कागदात गुंडाळून माझ्या हातात द्यायला लागला. मी घेतले नाहीत. ऑर्नेटानं घेतले. गाडीत म्हणाली, "आज रांधायचं वाचलं."

ऑगस्टमध्ये तिनं नोकरी सोडली. शाळेनं केक दिला. औषधांपैकी महागडी दोन बंद झाली.

त्यानंतर रॉस्को दर शनिवारी दुपारी यायला लागला. लव्हेल बायकोला बाई म्हणतो, मला शेजारीण समजतो, पण रॉस्कोची गाडी दिसली की दारापर्यंत धावतो. "आला माझा गडी! आता बघ, वाट मोकळी!" रॉस्को त्याला शाळेच्या मैदानावर नेतो, तिथं दोघं बाकावर बसतात. पोरांना तो सांगतो, हा बघा लव्हेल पिकेट. पोरं हात मिळवतात.

पहिल्या शनिवारी मी ऑर्नेटाशी भांडले. "तोंड कसं बघवतं गं तुला त्याचं? दार लाव त्याच्या तोंडावर."

"आणि अंघोळ कधी करू?" ती म्हणाली. "आठवड्यात दार बंद करून अंघोळ करायला मला एवढाच वेळ मिळतो. तू येतेस का शनिवारी?"

शनिवारी माझी दुकानात पाळी असते.

परवाच्या शनिवारी दुकान बंद होतं म्हणून मी तिच्याकडं होते, तेव्हा रॉस्को आला. टोपी काढून पायरीवर उभा राहिला. "वहिनी, तासाभरात आणतो."

ऑर्नेटानं लव्हेलच्या शर्टाचं वरचं बटण लावलं, त्याला रॉस्कोच्या हाती दिलं आणि त्याच्याकडं न बघता म्हणाली, "दोन तास ठेवा."