जिना चढता येतो का?

अमरावतीत भूल देणारा डॉक्टर म्हणजे फिरता माणूस. सकाळी या दवाखान्यात, दुपारी त्या. पेशंटची ओळख जेमतेम टेबलावर होते. त्याचं हृदय किती दम धरतं हे समजायला माझा एक ठरलेला प्रश्न होता: जिना चढता येतो का?

तिवशाकडची एक आजी आली, खुब्याचं हाड मोडलेली. मी विचारलं. "येते ना, बापू," ती म्हणाली. पदर तिनं छातीशी घट्ट धरला होता. मला संकोच वाटला, असं मी स्वतःला सांगतो. खरं तर पुढच्या दवाखान्यातून फोनवर फोन येत होते. स्टेथोस्कोप पदरावरूनच टेकवला आणि उचलला.

पाठीत भुलीची सुई दिली. थोड्याच वेळात तिचे ओठ पांढरे पडले. "बापू, जीव घाबरून राहिला," एवढं बोलून ती गप्प झाली. या भुलीनं पायाकडच्या रक्तवाहिन्या सैल पडतात, रक्तदाब उतरतो. धडधाकट हृदय जास्त रक्त ढकलून तो सावरतं. पण हृदयातून रक्त बाहेर सोडणारी झडपच अरुंद असेल तर ढकलणार कुठून? आता हे शहाण्यासारखं लिहितोय. तेव्हा नुसता सिरिंजमागून सिरिंज भरत होतो. औषधांनी रक्तदाब कसाबसा वर आला. ऑपरेशन थांबवलं. मग छाती नीट ऐकली. झडपेचा खरखरता आवाज अगदी उघड होता. अकोल्यात शिकताना तोच आवाज मी ज्युनिअरांना ऐकवून भाव खायचो. लाज वाटली, फार वाटली.

संध्याकाळी तिच्या मुलानं विचारलं, "कावून असं झालं, साहेब?"

"जिना चढते म्हणाल्या होत्या," मी म्हणालो. माझ्या तोंडून आधी हेच निघालं.

"जिना? आमच्या अख्ख्या गल्लीत कोनाच्या घरी जिना नाही. हापशीवर पान्याले जातानी दोनदा बसते ते!"

आता छाती नीट न ऐकल्याचं सांगायला हवं होतं. तेवढ्यात खाटेवरून आजी म्हणाली, "साहेबाले काही म्हनू नको. एवढ्या मोठ्या मानसाले नाही कशी म्हनू? माहीच चुकी हाय."

मुलगा तिच्यावरच चिडला. "माय, जीव गेला असता न वं तुहा!"

ती खाली मान घालून ऐकत राहिली. नाडी बघायच्या निमित्तानं तिचं मनगट माझ्या हातात होतं. मी नाडीच बघत राहिलो.